बिनखिशाचे सदरे

निळा खडू झिजून नखाएवढा उरला होता, आणि कामाच्या चाचणीसाठी दिलेल्या सदऱ्याच्या डाव्या छातीवर रेघ नेमकी कुठे मारायची हे त्याला काही केल्या ठरवता येईना... कॉलर बसली होती, बाह्या लागल्या होत्या, काजं एका ओळीत. राहिला होता तो फक्त खिसा. चार वर्षांत त्यानं शेकड्यांनी सदरे शिवले, पण खिसा एकालाही नव्हता — सुधारगृहातल्या पोरांना खिसा देतो कोण! शिवणाच्या बाई म्हणायच्या, "खिसा बाहेर गेल्यावर शिका."

जाड चष्म्याच्या बाई त्याला आठवल्या. तास संपला की सुया मोजून घ्यायच्या, आणि एकदा एक कमी भरली, तेव्हा आम्ही चौदा पोरं अन् बाई गुडघ्यांवर बसून फरशी चाचपत राहिलो, जेवणाची घंटा होऊन गेली, आणि सुई शेवटी निघाली बाईंच्याच बाहीत टोचलेली! केवढे हसलो... बाईंना तर चष्मा काढून डोळे पुसावे लागले. तिथं मी सुखी होतो असं कसं म्हणू? पण त्या दुपारी होतो. घरी हे सांगायची सोय नाही.

"काय रे, मुहूर्त बघतोयस?" दुकानाचे मालक, टेलरमास्तर, मागे येऊन उभे राहिले. त्यांनी कॉलरवरून बोट फिरवलं. "हात सफाईदार आहे तुझा. अशी कॉलर बसवणारा खिशाला अडतो? शिकलास कुठं?"

उत्तर तयार होतं. आईनं घोटून घेतलं होतं — "मामाकडे शिकलो म्हण." खरं सांगून आधीची दोन कामं गेली होती, एका ठिकाणी तर डबाही संपवू दिला नाही. पंधराव्या वर्षी भांडणात मारलेला एक दगड, तो काही पाठ सोडत नव्हता. आणि मामा! त्या बिचाऱ्याला साधं बटण लावता येत नाही.

"मा..." शब्द ओठांशी आला आणि अडकला. मामा म्हटलं की बाई पुसल्या जाणार — तो चष्मा, ते हसणं, चुकलेली टीप उसवून देताना "असू दे रे, कापड रागावत नाही" म्हणणं, सगळंच. मास्तर वाट बघत होते. काम हवंच होतं; आईला तोंड कसं दाखवणार? बाहेर आल्यापासून त्याला रोज लाज वाटत आली होती, त्या जागेची, स्वतःची. आत्ताही कान तापले होते, पण ही लाज निराळी होती — तोंडाशी आलेल्या त्या मामाची.