कुत्र्याचं रीळ

इलाहीबक्षनी खिडकीवर जाड चादर ठोकली आणि जुन्या प्रोजेक्टरवर रीळ चढवलं. भर दुपारी खोलीत अंधार झाला.

चाळीस वर्षं त्यांनी टॉकीजमध्ये मशीन चालवलं होतं. टॉकीज पाडली तेव्हा त्यांनी एवढं मशीन आणि हे रीळ मागून घेतलं. सात मिनिटांचा मुका, विनोदी चित्रपट. एक कुत्रा मालकाची टोपी पळवतो, बस्स. लोक जागेवर बसेपर्यंत तो दाखवायचे. आज पुण्याच्या चित्रपट संग्रहालयातली निवेदिता ते रीळ जतन करायला न्यायला आली होती.

"एकदा बघ, मग ने," ते म्हणाले. या घरात कुणी हसून तीन वर्षं झाली होती. पोरगी हसेल, एवढीच त्यांना आस होती.

मशीन खडखडलं. भिंतीवर कुत्रा आला तो पाय वर अन् पाठ खाली, मागं मागं पळत. त्यानं मालकाला टोपी परत देऊन टाकली. दाराशी उभी निवेदिता खो खो हसली.

"चाचा, उलटं लागलंय की!"

इलाहीबक्ष हसले नाहीत. खेळ संपला की रीळ परत सुरुवातीपर्यंत गुंडाळायचं, नाहीतर पुढच्या वेळी ते शेवटाकडून उलटं लागतं; मगच भाकरीला हात लावायचा, हा त्यांचा नेम. ईदलाही मोडला नव्हता. त्यांनी मशीन बंद केलं आणि वेताच्या रिकाम्या खुर्चीकडे बघत राहिले.

"शेवटचं मदिनाबीला दाखवलं. माझी बायको. गंमत यायच्या आधीच हसायची, येडी. संपल्यावर म्हणाली, परत लावा की. मी म्हटलं, आधी चहा टाक. उठली, ती गॅसपाशी पोचलीच न्हाय. दवाखान्यातनं मी एकटाच आलो. गुंडाळायचं राहूनच गेलं बघ. लई चुकलं माझं. लावायला पायजे होतं."

त्यांनी रीळ हातानं गुंडाळलं, एकेक वेढा, घाई न करता. मग नीट चढवलं. निवेदिता वेताच्या खुर्चीत बसायला गेली.

"तितं नको, बेटा. हितं पलंगावर बस."

मशीन पुन्हा खडखडलं.

"लावलं बघ," ते म्हणाले. निवेदिताला नव्हे.

कुत्रा चार पायांवर धावत आला. टोपीकडे अजून त्याचं लक्षही गेलं नव्हतं, तोच इलाहीबक्ष मोठ्यानं हसले.