ओपनचा इतिहास

नेदरलँड्सच्या आल्मेरेत नवा मराठी माणूस भेटला की पहिला प्रश्न 'कुठल्या कंपनीत?' आणि दुसरा 'आडनाव काय?' मी राखीव जागेवरून इंजिनिअर झालो, हे इथल्या मराठी मंडळात मला कुणी विचारलेलं नाही. सगळ्यांना माहीत मात्र आहे.

मंडळाचे अध्यक्ष चंद्रहासदादा. आर्नहेमची गाडी रद्द झाली तरी म्हणणार, आम्ही ओपनवाले, आम्हाला कोण विचारतंय! जणू डच रेल्वे जातीचा दाखला बघून सुटते.

यंदा गणपतीला हॉल मिळेना. ढोलाचं नाव काढलं की शाळावाले फोन ठेवत. राहिला आर्नहेमच्या पुढचा हायडेव्हेल्ड गोल्फ क्लब. आजूबाजूला वस्तीच नाही. क्लबचे अध्यक्ष विलेम म्हणाले, आधी मेमध्ये एक कार्यक्रम करून दाखवा, मग गणपतीचं ठरवू. इथे पूर्वी व्यावसायिक गोल्फची मोठी स्पर्धा व्हायची, हायडेव्हेल्ड ओपन. ती बंद पडली. इथे कार्यक्रम करणाऱ्याने मंचावरून तिचा इतिहास सांगायचा, एवढीच अट.

'ओपन' ऐकताच दादांचा चेहरा फुलला. इतिहास मीच सांगणार म्हणाले. मी लेख लिहून देतो म्हटलं, तर म्हणाले, तू आपला दुभाष्या हो, तुझं डच बरंय. मंचावर मराठीच, हा दादांचा हट्ट. क्लबात डचच, हा विलेमचा. मध्ये मी.

कार्यक्रमाच्या दिवशी दादांनी क्लबच्या वेबसाइटवरचं सगळं सांगितलं. इंग्लंड-स्कॉटलंडचे खेळाडू यायचे, चार दिवस गर्दी, टीव्हीच्या गाड्या. मग माझ्याकडे बघून थांबले.

"आणि ही स्पर्धा ओपन होती. ओपन म्हणजे काय, ते आपल्याला सांगायला नको. कोटा नाही, सवलत नाही, निव्वळ मेरिट. म्हणून तर बंद पडली. मेरिटला दिवस राहिलेत कुठे?"

टाळ्या पडल्या. सर्वात जोरात मंडळींच्या पुण्याहून आलेल्या आईवडिलांच्या.

डोकं सणकलं. माइक ठेवावा आणि चालू पडावं. पण ढोल पथकात माझी लेक शलाका होती, गणपतीत वाजवायचं म्हणून महिनाभर हात सुजवून घेतलेली. मी गेलो तर हॉलही गेला. म्हणून शब्दन् शब्द डचमध्ये सांगितला. 'कोटा'सुद्धा.

विलेमच्या कपाळावर आठी आली. त्यांनी माइक घेतला, बोलू लागले आणि बोलता बोलता स्वतःच हसत सुटले. दादाही मान डोलावत हसले. इतकी वर्षं इथे राहून त्यांचं डच 'दांक यू वेल'च्या, म्हणजे आभाराच्या, पुढे सरकलेलं नाही.

मग मी सावकाश मराठी केलं. "विलेम म्हणतायत, माफ करा, पण कोटा होता. दरवर्षी प्रायोजकाच्या माणसांना जागा राखून ठेवायचे. पात्रता फेरी नाही, काही नाही."

दादांनी माझा कुर्ता ओढला. "यतीन, पुढचं राहू दे. हॉल जाईल."

"प्रायोजक होती एक बिस्किट कंपनी. मालक विलेमचे काका. विलेम स्वतः काकांच्या कोट्यातून खेळले. तळ्याजवळच्या होलला अकरा फटके लागले, एक बदक लंगडं झालं. अर्ध्यातच बाहेर. तरी पुढच्या वर्षी जागा तयार."

शलाकाने मागून डचमध्येच विचारलं, बदकाचं काय झालं?

बदक वाचलं, विलेम म्हणाले. स्पर्धा गेली. काकांनी कंपनी विकली, नव्या मालकाला गोल्फ आवडेना. चांगले खेळणारे तिथेच होते, बिस्किटं संपली. आजवर सगळ्यांनी वेबसाइटच वाचून दाखवली, कोट्याचा विषय तुम्हीच पहिल्यांदा काढलात, म्हणून गणपतीला हॉल तुमचा.

पथकाने ढोल बडवले. राहिला सत्कार. दादांनी विलेमला शाल पांघरली, नारळ पुढे केला. विलेमनी काहीतरी विचारलं.

"काय म्हणतायत?" दादांनी मला विचारलं.

"विचारतायत, हा मान कोट्यातल्या माणसालाही मिळतो का?"

दादा नारळ धरून उभे राहिले. मग अगदी हळू म्हणाले, "मिळतो म्हणावं."

मी ते आधी मराठीत सांगितलं, माइकवर. मग डचमध्ये.