काळ्या सावल्यांचा प्रोजेक्टर

मी प्रोजेक्टर बोलतोय. सोळा मिलिमीटरची फिल्म दाखवणारा, लोखंडी अंगाचा. एकट्या माणसाने उचलला तर त्याची कंबर धरेल इतका जड. आता माझा आवाज कोणी ऐकत नाही. मोटर बंद पडून बरीच वर्षं झाली. तरी मनात रीळ फिरतंच.

जन्म परदेशातला, पण जन्मगाव आठवत नाही. आठवतं ते सरकारी जीपचं धूळभरलं पोट. विदर्भातल्या गावोगावी मी कुटुंबनियोजनाच्या आणि खतांच्या फिल्मा दाखवल्या. लोक यायचे, हसायचे, दोनच मुलांचं कुटुंब बघायचे आणि पाच मुलांना खांद्यावर घेऊन घरी जायचे. पुढे खात्याने मला लिलावात काढलं आणि मी कृष्णकांतच्या हाती आलो.

कृष्णकांत नागपूरचा, तीन पिढ्या कारकुनीत गेलेल्या घरातला पहिला इंजिनीअर. मौद्याच्या रस्त्यावर कागदाचा एक कारखाना होता, तिथे तो नोकरीला. कारखान्याच्या वसाहतीत एक हॉल होता. त्यात त्याने रविवारची फिल्म सोसायटी काढली. दुपारी खिडक्यांना काळे पडदे लावायचे आणि मला टेबलावर मांडायचं. जुने इंग्रजी गुन्हेगारी सिनेमे त्याच्या फार आवडीचे. ओले रस्ते, तिरप्या टोप्या, खिडकीच्या पट्ट्यांच्या सावल्यांनी चिरलेले चेहरे. फ्रेंच लोक त्यांना ‘न्वार’ म्हणतात, म्हणजे काळा, असं तो आधी उभं राहून सांगायचा.

“यात कोणी धड चांगला नाही, कोणी धड वाईट नाही,” तो म्हणायचा. “माणूस एक चूक करतो आणि नशीब त्याला सोडत नाही. धावला तरी नाही, थांबला तरी नाही.”

त्याची बायको नीला शेवटच्या खुर्चीवरून विचारायची, “पाप दोघांचं, मग दरवेळी गोळी बाईलेच काहून?”

हॉल हसायचा. कृष्णकांतही हसायचा आणि मला सुरू करायचा.

माझ्या शेजारी जमिनीवर रुपराव बसायचा. उमरेडच्या विणकरांच्या घरातला. माग बंद पडला म्हणून कारखान्यात लागलेला. त्याला इंग्रजी समजत नव्हतं. माझ्या भिंगातून निघणाऱ्या उजेडात धूळ नाचते, ती तो पडद्याइतक्याच मन लावून बघायचा. मध्येच हळूच विचारायचा, “साहेब, हा मानूस काहून पळून राहिला गा?”

“त्याला माहीत आहे रुपराव, की तो पकडला जाणार आहे.”

“मंग बसून का नाही राहत?”

एका सकाळी कारखान्यातला कागद फाटून मोठ्या रुळांत अडकला. तो काढायला रुपराव आत शिरला. मोठे साहेब तिथे आले आणि म्हणाले, मशीन चालू करा, किती वेळ घालवता. कोणीतरी बटण दाबलं.

रुपराव गेला. दोन दिवसांत वसाहतभर पसरलं की तो दारू पिऊन आत शिरला होता. हे पहिल्यांदा कोण बोललं ते कोणालाच सांगता येत नव्हतं, पण सगळे बोलत होते.

त्या रविवारी कृष्णकांतने तरीही सिनेमा लावला. घरी बसवत नसेल. सात-आठच माणसं आली. पहिलं रीळ अर्ध्यावर आलं असताना दार उघडलं आणि पडद्यावरचं शहर दुपारच्या उन्हात पुसून गेलं. दारात मैनाबाई उभी होती, रुपरावची बायको.

कृष्णकांतने मला बंद केलं.

“साहेब,” ती म्हणाली, “तुमी तं तेथंच होते ना? माहा मानूस पेला नव्हता. लेकराईले शाळेत पोरं चिडवून राहिले, तुमचा बाप पेऊन मेला म्हणून. चौकशीवाले येऊन राहिले बुधवारी. मले बाकी काही नाही पाहिजे. तेवढं एक बोला.”

कृष्णकांत माझ्यावरून रीळ उतरवू लागला. मैनाबाई थोडी थांबली आणि निघून गेली. लोकही चपला शोधत उठले. हॉलमध्ये दोघंच उरली.

“नीला, मी बोललो तरी तो परत येणार आहे का?” कृष्णकांत फिल्म गुंडाळत म्हणाला. “मोठ्या साहेबांचा हात वरपर्यंत आहे. आपली नोकरी जाईल, घर जाईल, आपली अदिती अजून दोन वर्षांची आहे. हे सगळं ठरलेलं असतं गं. आपण नुसती प्यादी.”

“हे तुमच्या सिनेमातलं बोलणं झालं,” नीला म्हणाली. “दर रविवारी बघते ना मी. तो टोपीवाला म्हणत राहतो, मला नशिबानं अडकवलं. कुठलं नशीब? पहिल्याच रिळात त्याला कोणीतरी सरळ विचारलेलं असतं, आणि तो गप्प बसतो. आत्ता ती बाई दारात उभी होती. तुम्ही गप्प बसले.”

ती खिडकीशी गेली आणि एकेक करून काळे पडदे काढू लागली.

चौकशी त्याच हॉलमध्ये झाली. मी कोपऱ्यात कापडाखाली होतो. सहा माणसं एकामागून एक तेच बोलली: तोंडाला वास येत होता, न विचारता आत शिरला. मग कृष्णकांतला बोलावलं. त्याची खुर्ची करकरली, म्हणजे तो उभा राहिला.

“रुपराव प्यायलेला नव्हता. सकाळी आम्ही दोघांनी बरोबर चहा घेतला. तो आत आहे हे मोठ्या साहेबांना सांगितलं होतं. तरी त्यांनी मशीन चालू करायला लावली.”

“तुम्ही स्वतः ऐकलं?”

“ऐकलं. आणि थांबा म्हणायला मला वेळ होता. मी म्हणालो नाही.”

 दाराकडून मैनाबाईचं दाबलेलं रडणं ऐकू आलं.

यानंतर सगळं नीट झालं, असं सांगायला मला आवडलं असतं. अहवालातून दारूचा उल्लेख काढला गेला, एवढंच झालं. बाकी सगळं ‘गैरसमजातून घडलेला अपघात’. मोठ्या साहेबांना लवकरच दुसरीकडे वरची जागा मिळाली. कृष्णकांतला आधी गोदामात टाकलं, मग इतका त्रास दिला की त्याने स्वतःच राजीनामा दिला. त्या सिनेमांत शेवटी पोलिसांची गाडी तरी येते. इथे वाट बघून बघून माणसं थकली.

फिल्म सोसायटी बंद झाली. मी त्यांच्याबरोबर नागपुरात आलो, दोन खोल्यांच्या घरात, माळ्यावर, नीलाच्या जुन्या साडीत गुंडाळलेला. खाली कृष्णकांत गणिताच्या शिकवण्या घ्यायचा. पुन्हा कधी त्याने मला खाली घेतलं नाही. नशिबाबद्दलही तो पुन्हा बोलला नाही. कधीकधी जेवताना मध्येच थांबायचा. मग नीला म्हणायची, “जेवा.” आणि तो जेवायचा.

अदितीच्या लग्नात मैनाबाई आली होती. नंतर घरी सगळे दमून बसले होते, तेव्हा ती पाहुण्यांना सांगत होती, “या साहेबायनंच माह्या मानसाचं नाव धुऊन काढलं.” कृष्णकांत उठून आतल्या खोलीत गेला. साडी सरकली होती, म्हणून मला माळ्यावरून तो दिसत होता. भिंतीला हात टेकून बराच वेळ उभा होता.

आता मी सीताबर्डीच्या बाजारात असतो. अदितीचा मित्र विहंग याने कॉफीचं दुकान काढलंय. त्याला दुकानात मांडायला जुनी वस्तू हवी होती. त्याने मला पॉलिश केलं, पोटात पिवळा दिवा बसवला. लोक माझ्याशेजारी उभे राहून फोटो काढतात. त्यांचा राग नाही मला. पण कधी सवड झाली तर एखादी खोली काळोखी करा, फोन बाजूला ठेवा आणि दोन तास एका माणसाचा चेहरा नीट बघा. तो अडकलाय की गप्प बसलाय, हे तुम्हीच ठरवा. मी दमलो. माझ्याच्याने आता दाखवणं होत नाही.

मागच्या आठवड्यात ती दोघं आली होती. कृष्णकांतला आता कमी दिसतं. नीलाने त्याचा हात धरून मला दाखवलं. त्याने माझ्या रिळाच्या दांडीवर बोटं फिरवली.

“गरम आहे,” तो म्हणाला.

“पोटात दिवा जळून राहिला ना त्याच्या. सकाळपासून जळत असेल,” नीला म्हणाली. मग काउंटरकडे वळली. “विहंग, बाळा, हा दिवा बंद करतोस का? म्हातारा आहे रे तो. थोडं निजू दे त्याला.”

विहंग हसला, पण आला, आणि त्याने दिव्याची पिन काढली.