हलवता येईल असा लोड

माझ्या पोरानं नरसय्या मालकांना चहा पिता पिता देशाची वीज समजावून सांगितली, आणि मी शेजारी बसून मिशीला पीळ देत होतो. पुढं जे झालं त्याची सुरुवात तिथं आहे, म्हणून तिथूनच सांगतो.

मी जोतिराम. सोलापुरात चोवीस मागांच्या टॉवेलच्या कारखान्यात जॉबर आहे. जॉबर म्हणजे माग बिघडला की तो चालू करून देणारा आणि विणकरांवर लक्ष ठेवणारा माणूस. विणकरांना वाटतं तो मालकाचा, मालकाला वाटतं तो विणकरांचा. सव्वीस वर्षं मी दोन्हीकडून बोलणी खातोय आणि मला त्याचं काही वाटेनासं झालंय. माझा मुलगा अजिंक्य मात्र शिकला. राज्यात वीज किती तयार होते आणि किती लागते, याचा मिनिटामिनिटाला मेळ घालणारं एक ऑफिस असतं, तिथं तो इंजिनिअर आहे. गुढीपाडव्याला तो घरी आला तेव्हा मी त्याला मुद्दाम कारखान्यात घेऊन गेलो. कारण काही नव्हतं. मालकांनी त्याला बघावं एवढंच.

मालकांनी विजेचं बिल पुढं केलं. दुपारचा दर उतरलाय आणि संध्याकाळी पाचनंतरचा चढलाय, हा काय प्रकार आहे, असं त्यांनी विचारलं. अजिंक्यनं बिल उलटं केलं आणि मागच्या कोऱ्या बाजूवर एक रेघ काढली. ही अणुवीज, म्हणाला. अणुकेंद्र एकदा चालू झालं की महिनोन्महिने एका दमात चालतं, तासातासाला कमी-जास्त केलेलं त्याला मानवत नाही. मग त्या रेघेवर त्यानं एक टेकाड काढलं. हे सोलर. सकाळी नऊला चढायला लागतं, दुपारी माथ्यावर जातं, सहाला शून्य. सोलर वर्षागणिक वाढतंय, अणुकेंद्रंही नवी होतायत आणि व्हायलाच पाहिजेत, कारण सूर्य मावळल्यावर लोकांना दिवे लागतात. पण भर दुपारी दोन्ही मिळून वीज जास्त होते. मग आम्ही फोन करून सोलरवाल्यांना बंद करायला सांगतो. मंगळवेढ्याच्या बाजूला एवढे पॅनेल पसरलेत, कडक उन्हात नुसते तापत पडतात.

"म्हणून दुपारचा दर कमी केलाय, काका," तो म्हणाला. "आम्हाला हलवता येईल असा लोड पाहिजे, म्हणजे ज्याची वेळ बदलता येईल असा विजेचा वापर. रातचं काम दिवसा आणता आलं तर देशाचं पण भलं आणि तुमचं पण."

मालकांनी ती रेघ आणि ते टेकाड बराच वेळ न्याहाळलं. मग माझ्याकडं बघून म्हणाले, पोरगा हुशार आहे तुझा. त्या दिवशी मी घरी जाताना पेढे घेऊन गेलो.

आता आमच्या शेडची पद्धत सांगायला हवी. वर पत्रे, खाली शहाबादी फरशी, आणि आत पंखा नाही. पंखा लावला की कापसाचा भुगा उडून ताण्यात, म्हणजे मागावरच्या उभ्या धाग्यांत, बसतो. म्हणून मालकांच्या वडिलांच्या काळापासून एक रीत होती. पाडव्यापासून मिरगापर्यंत सकाळी अकराला माग बंद करायचे आणि संध्याकाळी पाचला पुन्हा सुरू करून रात्रीपर्यंत चालवायचे. तिला आम्ही उन्हाळी पाळी म्हणायचो. दुपारी विणकर घरी जाऊन पडायचे. ती रीत यंदा मोडली. पाडव्याच्या आठवड्यातच मालकांनी सांगितलं, माग नऊ ते पाच. पाचला मेन स्विच खाली.

महादेवप्पा आमच्यातला सगळ्यात जुना विणकर. होटगीचा, घरात कानडी, कारखान्यात मराठी. माझ्यापेक्षा सहा वर्षांनी मोठा, पण आमचं अरे-तुरेचं होतं. चार माग एकटा सांभाळायचा, आणि मी मागाला हात लावायच्या आधीच काय बिघडलंय ते सांगून माझी लाज काढायचा. नव्या पाळीच्या चौथ्या दिवशी त्यानं मला नळाजवळ गाठलं.

"जोतिराम, दोन महिन्याची गोष्ट हाय," तो म्हणाला. "मिरग निघाला की मग घाल म्हनावं कवाची बी पाळी. माझ्यानं ही दुपार निभंना. मालक तुझं ऐकत्यात, तू सांग की."

मी सांगतो म्हणालो. शब्द दिला.

आणि बोललो नाही. का नाही बोललो, हे मी आता पुष्कळ वेळा स्वतःला विचारलंय आणि दर वेळी उत्तर एकच येतं. मालक बाजूच्या चार कारखानदारांना बोलावून अजिंक्यचा तो कागद दाखवत होते. आमच्या जोतिरामाच्या पोरानं सांगितलं, असं म्हणत होते. आजवर मला कुणी कुणाचा बाप म्हणून ओळखलं नव्हतं. आता कुठल्या तोंडानं सांगू, की माझ्या पोराचं गणित बरोबर आहे पण माणसं भाजून निघतायत? रोज सकाळी ठरवायचो आणि रोज पुढं ढकलायचो. आठ-दहा दिवसांनी महादेवप्पानं विचारलं, काय झालं. माझ्या तोंडून पटकन निघून गेलं, बोललोय, मालक इचार करतायत, थोडं थांब. त्यानं मान हलवली आणि मागाकडं गेला. एवढं सोपं होतं ते.

बोललो नाही, पण माझं मन मला खात होतं. म्हणून मी पाणी आणलं.

दुपारची हवा सोलापुरात इतकी कोरडी असते की सूत वाळून कडक होतं आणि ताण्यातले धागे पटापट तुटतात. धागा तुटला की माग थांबतो, माग थांबला की टॉवेल कमी, आणि विणकराची मजुरी टॉवेलावर. मी सगळ्या खिडक्या लावून घेतल्या, म्हणजे झळा आत येणार नाहीत. खिडक्यांवर ओली पोती टांगली. फरशीवर दर तासाला बादल्यांनी पाणी मारायला लागलो, जॉबर असून स्वतः. धागे तुटायचे थांबले. पायाला गार लागायला लागलं. विणकर खूश झाले. महादेवप्पा माझ्या पाठीवर थाप मारून म्हणाला की जोतिरामानं कारखान्यात विहीर काढली. मला वाटलं, मालकांशी बोलायची आता गरजच उरली नाही. मी सुटलो.

वैशाखात एक दिवस पारा चव्वेचाळीसच्या वर गेला. मी त्या दिवशी दोन बादल्या जास्त मारल्या. अडीचच्या सुमाराला महादेवप्पाच्या मागाशी गेलो तर एक माग थांबलेला आणि तो नुसता उभा. अंगातली बंडी पिळून घ्यावी इतकी ओली. मी खुणेनंच विचारलं, काय झालं. तो खाली फरशीवरच्या पाण्याकडं बघत होता. मग माझ्या कानाशी येऊन म्हणाला, "मळी बंतु, जोतिराम. मळी बंतु."

एवढं कानडी मला कळतं. पाऊस आला, असं तो म्हणत होता.

सव्वीस वर्षांत तो माझ्याशी कानडीत एक वाक्य बोलला नव्हता. पण तो चेष्टेखोर माणूस, मला वाटलं माझ्या पाण्याची थट्टा करतोय. मी हसलो. व्हय व्हय, लई मोठा आलाय, असं ओरडून म्हणालो आणि पलीकडच्या मागाचा पट्टा बघायला गेलो. पुन्हा वळून बघितलं तेव्हा तो चार मागांच्या मधल्या बोळात पडला होता, गाल ओल्या फरशीला टेकलेला. अंगाला हात लावला तर चटका बसला.

दवाखान्यात नेईपर्यंत त्याला फिट आली, आणि पाच वाजायच्या आत सगळं आटोपलं. डॉक्टरीण बाई माझ्या अजिंक्यच्या वयाच्या होत्या. त्यांनी मला बाजूला घेऊन विचारलं, आत खिडक्या बंद होत्या का, फरशीवर पाणी होतं का. मी होय म्हणालो. गार राहावं म्हणून मीच मारत होतो, असं जरा अभिमानानंच म्हणालो. त्यांनी शांतपणे सांगितलं की अंगावरचा घाम वाळतो तेव्हाच अंग निवतं. कोंडलेल्या जागेत हवा ओली झाली की घाम वाळत नाही, उष्णता बाहेर जायला वाट राहत नाही आणि माणूस आतल्या आत शिजतो. खिडक्या उघड्या आणि हवा कोरडी असती तर कदाचित, असं म्हणून त्या माझ्या तोंडाकडं बघून थांबल्या आणि कागद लिहायला लागल्या.

अजिंक्यला फोन केला. सगळं सांगितलं. तो म्हणाला, आबा, मी फक्त दर सांगितला होता. पुढं म्हणाला की त्या दुपारी त्यांच्या ऑफिसात सगळं व्यवस्थित होतं, विजेचा मेळ बरोबर बसला होता, एकाही सोलरवाल्याला बंद करायला सांगावं लागलं नाही. त्याला काय म्हणायचं होतं कोण जाणे. मला एवढंच कळलं की अणूला हलवता येत नाही, सूर्याला येत नाही, आणि महादेवप्पाला आलं.

दुसऱ्या दिवशी होटगीच्या रुद्रभूमीत लिंगायतांच्या रीतीनं त्याला बसवून माती दिली. त्यानंतर तिसऱ्या दिवशी मी पुन्हा त्याच्या घरी गेलो. त्याची बायको, गौरम्मा वहिनी, भिंतीला टेकून बसल्या होत्या. मला बघून त्यांनी सतरंजी टाकायला लावली, उठून स्वतः पाण्याचा तांब्या भरून माझ्यापुढं ठेवला, आणि आलेल्या बायाबापड्यांना सांगायला लागल्या. ह्या अण्णांनी लई केलं, स्वतःच्या हातानं पाणी मारायचे, मालकाशी भांडले आमच्यासाठी.

मला ते सोसेना. मी म्हणालो, "वहिनी, त्या पाण्यानंच गेला तो. डाक्टरीण बाई म्हनाल्या. मीच मारलं पाणी."

त्यांनी माझ्याकडं लहान पोराकडं बघावं तसं बघितलं.

"पाण्यानं कुनी मरतंय व्हय, अण्णा?" त्या म्हणाल्या. "सोलापुरात? तुमी मनाला लावून घिऊ नका."

खरं सांगतो, मला हलकं वाटलं. कबुली दिली होती आणि ती कुणी घेतली नव्हती. मी तांब्याला हात घातला.

तेवढ्यात नरसय्या मालक आले. ते वाईट मनुष्य नाहीत. दारातच चप्पल काढून हात जोडून उभे राहिले, डोळे लाल होते. वहिनींनी त्यांना बसायला सांगितलं, आणि बसल्यावर अगदी शांतपणे विचारलं की जोतिराम अण्णा पाडव्यापासून तुमच्याशी उन्हाळी पाळीचं बोलत होते, तुम्ही विचार करतो म्हणाला होतात, त्या विचाराचं काय झालं. त्यात राग नव्हता. त्यांना जाणून घ्यायचं होतं.

मालकांनी माझ्याकडं बघितलं.

"माझ्याशी?" ते म्हणाले. "कधी बोललास रे जोतिराम? अरे, बोलला असतास तर दोन महिने काय, चार महिने पाळी दिली असती. मला वाटलं सगळ्यांना चाललंय. पाणीबिणी मारून सोय केलीस म्हणून मी निर्धास्त होतो."

वहिनींनी मान माझ्याकडं वळवली.

"म्हंजे तुमी बोललाच न्हवता?"

"न्हाय," मी म्हणालो.

मग त्या बोलल्या ते मला नाही, मालकांनाही नाही, समोरच्या भिंतीला सांगितल्यासारखं. त्यांचा भाचा बसू अक्कलकोटला मागावर आहे, तिथं अजून रातपाळी चालते. पाडव्यानंतर त्यानं दोनदा निरोप धाडला होता, मामा इकडं या, चार माग मोकळे आहेत. कपड्यांची पिशवीसुद्धा भरून झाली होती.

"म्हनाले, जोतिरामानं शब्द टाकलाय मालकाकडं," वहिनी म्हणाल्या. "आता मी असा उठून गेलो तर त्याचं तोंड खाली पडंल. म्हनून थांबले."

एवढं बोलून त्या उठल्या. माझ्यापुढचा तांब्या उचलला आणि मालकांपुढं नेऊन ठेवला.

दुसऱ्या दिवसापासून मालकांनी उन्हाळी पाळी सुरू केली. एका शब्दानं झालं. संध्याकाळी पाचला मेन स्विच वर जातो, खिडक्या सताड उघड्या असतात, फरशी कोरडी असते. महादेवप्पाचे चार माग आता दुसरा विणकर चालवतो. संध्याकाळच्या हवेत सूत चांगलं राहतं, धागा फारसा तुटत नाही, त्यामुळं मला तिकडं जायचं काम पडत नाही.