शिस्तीचा माणूस

बाबा एकतीस वर्षं तुरुंगात शिपाई होते. निवृत्तीनंतर डोक्यातलं एकेक पुसलं गेलं, हात मात्र कामावरच राहिले. मला आवरेनासे झाले, तेव्हा त्यांना वृद्धाश्रमात ठेवलं.

महिन्याभरात तिथल्या मावशी खुशीत म्हणाल्या, "ताई, तुमचे बाबा म्हणजे आमचा बिनपगारी मुकादम. गोळ्या वाटायला दोन तास मोडायचे. आता दहा मिनिटांत सतरा म्हातारे रांगेत."

"बाबांच्या हातात काठी कोणी दिली?"

"आश्रमाच्या साहेबांनीच. म्हणाले, शिस्त लागतेय तर लागू दे."

रांगेतल्या शिंपीकाकांचा कान फाटला होता. मी विचारलं.

"पडले," मावशी म्हणाल्या. "या वयात माणूस पडायचाच."

शिंपीकाका माझ्याकडे न बघता म्हणाले, "हो, पडलो."

बाबांना तिथून हलवायला हवं, हे मला त्याच क्षणी कळलं. पण घरात कितीतरी वर्षांनी शांतता होती. म्हटलं, रविवारी बघू.

रविवारी शिंपीकाका रांग सोडून खिडकीशी गेले. बाबांनी आधी गुडघ्यावर मारलं, ते कोसळल्यावर डोक्यात. हाड फुटल्याचा आवाज आला. बाकीचे सोळा जण तळहात पुढे करून तसेच उभे. मावशींनी गोळ्यांचा ट्रे छातीशी धरला. मी धावले.

"जागेवर," बाबा म्हणाले. त्यांनी मला ओळखलं नव्हतं.

लहानपणी या एका शब्दावर आम्ही भावंडं भिंतीला पाठ लावायचो. आईसुद्धा, हातातलं काम टाकून. पन्नाशीची मी भिंतीला टेकले. पुढचे चार घाव तिथूनच पाहिले.

साहेब कागद घेऊन आले. त्यावर 'पाय घसरून मृत्यू' असं आधीच लिहिलेलं.

"सही करा, ताई. गेलेला माणूस काही परत येत नाही. उगाच तुमच्या वडिलांच्या नावाला बट्टा."

मी ते खोडलं आणि पाहिलं ते लिहिलं. काठी कोणी दिली, तेही.

त्याच संध्याकाळी बाबांना पलंगाला पट्ट्यांनी बांधलं. धडपडीत त्यांचा खांदा निखळला. ते ओरडत राहिले, आवाज बसला तरी ओरडत राहिले. पट्टे सोडायला साहेबांची परवानगी लागते, असं मावशींनी सांगितलं. मी रोज अर्ज दिला आणि रोज पलंगाशेजारी हात मांडीवर ठेवून बसले.

नवव्या दिवशी परवानगी आली. बाबा पहाटेच गेले होते. बक्कल साधंच होतं, एका हाताने सुटलं.