शेजारचे घर घ्यावे

ताईच्या दाराला कुलूप होतं. मी यादीवर 'बंद' लिहिलं आणि शेजारच्या आजोबांची बेल वाजवली. सख्ख्या बहिणीच्या दारात उभं राहून हे केलं आणि तेव्हा काही वाटलंही नाही, हे आधीच सांगून टाकते.

काम सर्वेक्षणाचं. संध्याकाळचा सरकारी दवाखाना चालू ठेवायचा की फक्त सकाळी उघडायचा, हे लोकांना विचारून ठरणार होतं. चिठ्ठ्या टाकून घरं निवडलेली, फिरणारे आम्ही आठ जण, माझ्या वाट्याला चाळीस. आमच्या पर्यवेक्षकांच्या खिशात कायम सहा इंची पट्टी, म्हणून त्यांचं नावच पट्टी. त्यांचा हुकूम सोपा: दहा ते पाच फिरा, घर बंद असेल तर शेजारचं घ्या.

संध्याकाळी ताईचा फोन आला.

"आजोबा सांगत होते, येऊन गेलीस म्हणे. काय विचारलंस त्यांना?"

"दवाखाना कधी हवा ते."

"काय म्हणाले?"

"सकाळी."

"म्हणणारच! त्यांना दिवसभर कुठे जायचंय? मी कारखान्यातून सातला सुटते. पोरीचा दमा काय रजा टाकून सकाळी दहाला उसळतो का गं?"

तिने फोन आपटला.

मी फार शिकलेली नाही. दहावीनंतर जे वाचलं ते रद्दीतलं. पण मोजता येतं मला. यादी काढून बसले. चाळीसपैकी सतरा घरं बंद, आणि सतराच्या सतरा ठिकाणी मी शेजारी गाठला होता. म्हातारी माणसं, तान्ही पोरं सांभाळणाऱ्या बाया, एक पाय मोडून पडलेला. घरात होते म्हणून सापडले. कामाला जाणारा एकही नाही. आणि याला म्हणे लोकांचं मत! ज्यांना संध्याकाळी दवाखाना लागतो त्यांनाच गाळायचं, मग दवाखान्याला टाळं ठोकायचं, आणि त्या कागदावर सही माझी.

दुसऱ्या दिवशी सकाळी सहाला त्या बंद घरांतली पहिली बेल मारली. तिथला वेल्डर तोंडात ब्रश धरून दारात आला.

"कोण मेलं?"

"अजून कोणी नाही. दवाखाना मरायला टेकलाय. दोन मिनिटं द्या."

दिली. तीन सकाळींत सोळा घरं झाली. ताईचं तेवढं ठेवलं. बहिणीची मुलाखत बहिणीने घेऊ नये एवढी अक्कल आहे मला. चौदा जणांनी संध्याकाळ सांगितली. दोघे म्हणाले, आम्ही डॉक्टरकडे जातच नाही. तेही जसंच्या तसं लिहिलं.

ताईचं घर का सोडलं तेही सांगितलं, तरी पट्टींनी नवे फॉर्म एका बोटाने बाजूला सारले. "बाई, तुमचे चाळीस आलेत. विषय संपला."

"त्यातले सतरा खोटे आहेत."

"बहिणीसाठी चाललंय हे. कळतं मला."

"मग तिचं घर दुसऱ्या कोणाला द्या. बाकीचे सोळा माझे कोण लागतात?"

"यादी बंद झाली."

प्रत्येक फॉर्मच्या तळाशी एक ओळ असते: 'निवडलेल्या घरी जाऊन माहिती घेतली.' खाली सही. सहीशिवाय फॉर्म धरत नाहीत. मी जुने सतरा ओढून घेतले, उभ्याउभ्या माझ्या सतरा सह्या खोडल्या आणि प्रत्येकीपुढे लिहिलं, 'शेजारी विचारले.'

"वेड लागलंय का? काढून टाकतील तुम्हाला!"

"टाकू देत. पण आता तुमच्याकडे तेवीसच उरले. वर काय दाखवणार? तेवीस, की हे सोळा घेऊन एकोणचाळीस?"

ते दातओठ खात बसले. मग एकेक फॉर्म ओढून त्यावर शिक्का मारला, पुरते सोळा. माझ्याकडे न बघता म्हणाले, "उद्यापासून येऊ नका."

"येणार. बाकीच्या सात जणांच्या यादीतली बंद घरं कोण करणार? तुम्ही?"

कोपऱ्यातल्या टेबलावर मावशी बसली होती. आमच्यातली सगळ्यात जुनी, आणि गेले तीन दिवस मला 'कोंबडा' म्हणून चिडवणारी. तिने आपली यादी माझ्यासमोर टाकली.

"माझी बावीस बंद आहेत. तुझ्या बहिणीकडेही मीच जाते. पण सहाला नाही हं. साडेसहा."

"सहा," मी म्हणाले. "साडेसहाला माणसं घराबाहेर पडलेली असतात."