नवाबची ऊब

धाकट्या बहिणीला, भक्तीला, बघायला पूर्णेची मंडळी येणार म्हणून बालाजीनं परभणीहून गालिचा आणला. वांगी रंगाचा, बोटं रुततील इतका जाड. झरी गावात तसा दुसऱ्या कुणाकडं नव्हता. आठवडा उलटला नाही तोच त्याला मुताचा वास यायला लागला.

डाग नेमका बालाजीच्या वडिलांच्या, माणिकरावांच्या खुर्चीपुढं होता, त्यामुळं आळ सरळ नवाबवर गेला. नवाब म्हणजे माणिकरावांचा बोका. राखाडी, एका कानाचा तुकडा उडालेला. बायको पार्वतीबाई वारल्यापासून म्हाताऱ्याच्या बशीतला अर्धा चहा त्याचा आणि दुपारभर मांडीही त्याचीच.

बालाजीची बायको सवितानं आधी फिनेल ओतलं. त्यानं दोन वास एक होऊन बैठकीत बसवेना. मग भक्तीनं फोनवर बघून सांगितलं, "वहिनी, घासू नका, आत मुरतं. कोरड्या फडक्यानं दाबून टिपायचं." दोघींनी टिपलं, व्हिनेगर पाण्यात घालून शिंपडलं, वाळल्यावर खायचा सोडा पसरला, गालिचा गच्चीवर उन्हात टाकला, खालची फरशीसुद्धा धुतली. दोन दिवस बरे गेले. तिसऱ्या दिवशी पुन्हा तेच.

"आबा, पाहुण्यांपुढं शोभा होईल," बालाजी म्हणाला. "मी नवाबला सोडून येतो."

सविताला वाटलं, सासरा आता घर डोक्यावर घेईल. एकेकाळी माणिकरावांनी घसा खाकरला तरी गावचा पार गप्प व्हायचा. पण त्यांनी नुसतं तोंड भिंतीकडं केलं. बालाजीनं बोक्याला पोत्यात घातलं, मोटारसायकलला बांधलं आणि चुडाव्याला स्टेशनजवळ सोडून आला. पोत्यातलं ते ओरडणं सविताच्या कानातून जाईना.

चार दिवसांनी गालिचा पुन्हा ओला झाला.

दारं लावलेली, खिडक्यांना जाळ्या. भक्तीचं तोंड उतरलं. "वहिनी, नवाब मेला तर नसंल?" शेजारच्या कुसुमबाईंनी भर घातली, "मांजराचा तळतळाट लय वाईट, बाई. काशीला सोन्याचं मांजर वाहावं लागतं." सविता हसली, पण त्यानंतर बैठकीत एकटीनं जायचं तिच्या जिवावर येऊ लागलं. माणिकराव अजूनही अर्धा चहा बशीत ओतून खाली ठेवत. सविता बशी उचलायला जाई तेव्हा ती कोरडी असे, चाटल्यासारखी लखलखीत. म्हातारा मागाहून स्वतःच पीत असेल, असं ती मनाला सांगे. एकदा तिनं मुद्दाम दाराआडून पाहिलं. त्यांना डोळा लागला होता, हात मांडीवर, आणि तो हात हळूहळू फिरत होता. काहीतरी कुरवाळल्यासारखा. सविता मागच्या मागं फिरली.

पाहुणे यायला दोन दिवस उरले. भरदुपारी ती गच्चीवरून कपडे घेऊन उतरली तर माणिकराव गालिच्यावर गुडघे टेकून बसले होते. धोतर पुढून ओलं होतं, आणि ते उपरण्यानं डाग टिपत होते. घासत नव्हते, दाबत होते. दोघींचं बघून शिकले असावेत.

"मामा?"

ते दचकले. मग लहान पोराला गप्प करावं तसं बोट ओठावर नेलं. "वरडू नको. आत्ताच गेला त्यो."

"कोण?"

"नवाब. रोज दुपारी येतो. आधी मांडीवर ऊब लागती, त्यो बसला की लागायची तशी. मग डोळं उघडतो तर त्यो नसतो, अन् हे असं करून गेलेला असतो." त्यांनी पुन्हा उपरणं डागावर दाबलं. "माझ्यावर राग हाय त्याचा. पोत्यात घालताना मी बोललो न्हाई."

सविताला सगळं एका क्षणात उमगलं. बोक्यानं कधीच काही केलं नव्हतं. तिनं धुतलेलं धोतर आणून दिलं, पाठ फिरवून उभी राहिली, आणि मग गालिच्यावर सोडा पसरला.

रात्री तिनं फक्त नवऱ्याला सांगितलं. बालाजीनं कपाळाला हात लावला. दुसऱ्या दिवशी त्यानं आबांना परभणीला नेलं. डॉक्टर म्हणाले, लघवीच्या वाटेवरची गाठ वाढली आहे, गोळ्यांनी ताब्यात राहील. परतल्यावर तो तसाच चुडाव्याला गेला. फलाट पाहिला, गोदामामागं हाका मारल्या, टपरीवाल्यांना विचारलं, आणि रिकामं पोतं घेऊन आला.

पाहुण्यांना भक्ती पसंत पडली. गालिच्याचंही कौतुक झालं. महिनाभर तो कोरडा राहिला. पण माणिकराव वाळत चालले. जेवण निम्म्यावर आलं. दुपारी डोळे मिटून मांडीवर हात ठेवत, जरा थांबत आणि उचलून घेत.

मग एका दुपारी डाग परतला. सवितानं खुर्चीची गादी उचलली तर खाली गोळ्या. गेल्या आठवड्यातल्या सगळ्या.

"मामा, हे काय करायलाव?"

माणिकराव दाराकडं बघत राहिले. "गोळी घेतली की त्यो येत न्हाई."

"त्रास वाढंल. डॉक्टर म्हणले ना, मग नळी घालावी लागंल."

"वाढू दे."

तिनं एक गोळी तळहातावर घेतली, पाण्याचा पेला पुढं केला आणि त्यांच्या पायाशी ओल्या गालिच्यावरच बसली. म्हाताऱ्यानं तिच्याकडं पाहिलं. डोळ्यांत राग नव्हता, गयावया होती.

"दुसऱ्यांदा पोत्यात घालायलीस त्याला," ते म्हणाले.

सवितानं हात मागं घेतला नाही. त्यांनी गोळी उचलली, तोंडात टाकली आणि तोंड भिंतीकडं केलं.

तेव्हापासून ती रोज समोर बसून गोळी देते. गालिच्याला आता वास नाही. घरातली सगळी तसं म्हणतात. दुपारी मात्र सविता बैठकीचं दार बोका शिरेल एवढं उघडं ठेवते, आणि का ठेवतेस असं बालाजीनं तिला एकदाही विचारलेलं नाही.